दूध तुटेपर्यंत

“तोंडात धरतो, पन वडीत नाय. चावतो मेला.”

“चावंल नायतर काय करंल? काजूच्या बिया दातांनी फोडतो तो. दातांचां काम चावायचां, राही.”

“मंग काय करू, आये? धार आटली म्हंजे सगळांच आटलां.”

“कुळीद शिजवून त्याचां पानी पी. आनि जरा बस. उबी ऱ्हावून पान्हा येत नाय.”

उंबरवाडीच्या विहिरीवर हे बोलणं चाललं होतं. सल्ला देणारी यमुनाबाई ही वाडीतली सुईण, आणि विचारणारी राही, पाट लावून धाकूच्या घरात आलेली. ज्याच्या दुधाची एवढी काळजी चालली होती तो केरू त्या वेळी विहिरीशेजारच्या चिंचेवर चढून खालच्या शेरडांना चिंचोके मारत होता. त्याला पाच सरून सहावं लागलं होतं.

एवढं घोडं पोर अजून अंगावर पितं याचं कारण राहीची वेडी माया असं कोणी म्हणेल, तर ते खरं नाही. माया होती, ती चार आयांना असते तेवढीच. कारण दुसरंच होतं आणि ते चिंचकोंडात, तिच्या पहिल्या घरी घडलं होतं.

राहीचा पहिला घोव शिवा मुंबईला गिरणीत होता. मानमोडीच्या साली, म्हणजे अठरा साली, तो गणपतीला घरी आला आणि त्याच्या पाठोपाठ साथ आली. केरू तेव्हा झोळीत. पंधरवड्यात शिवा गेला, त्याच्यामागून सासू गेली, आणि घरात उरले ते धाकटा दीर महिपत, त्याची बायको काशी, राही आणि झोळीतलं पोर. दीड वर्ष राही त्या घरात राबली. काशी आणि ती एकाच व्हायनात भात कांडायच्या. एकीचं मुसळ वर तेव्हा दुसरीचं खाली, इतका त्यांचा हात बसलेला. मग उंबरवाडीच्या धाकूकडून विचारणा आली. धाकूची बायको मेलेली, मागं पोर ना बाळ. कुणब्यात पाट लागतो, त्यात लपवण्यासारखं काही नसतं. महिपतानंही आडकाठी घातली नाही. तरणी बाई किती दिवस दिराच्या चुलीपाशी बसणार?

पण पोराचं काय? पोर बापाच्या घराचं, हे तर ठरलेलंच. त्यासाठी गावकी बसली. मानकरी आत्मारामानं सुपारी कातरता कातरता जुनी रीत सांगितली.

“पोर अंगावर हाय तवर आवशीचां. दूद तुटलां का बापाच्या घराचां. त्या दिवशी आनून पोचवायचां.”

महिपतानं मान हलवली. राहीनं पदराआडून हुंकार दिला. वर्ष-सहा महिन्यांची गोष्ट, असं जो तो मनाशी धरून उठला. पोराचं दूध किती दिवस चालतं ही काय गावकीत सांगायची गोष्ट आहे? म्हणून ती कोणी सांगितली नाही. राहीनं मात्र जेवढा शब्द पडला तेवढाच उचलला आणि गाठीला बांधला. ती उंबरवाडीला गेली आणि तिनं दूध तुटू दिलं नाही.

पहिली दोनेक वर्षं काही जड गेलं नाही. पुढं मात्र ते एक कामच होऊन बसलं, शेणगोठ्यासारखं, रोजचं, चुकवून न चालणारं. सकाळी न्याहरीआधी आणि सांजचं गुरं बांधल्यावर. लावणीच्या दिवसांत तर बांधावर बसून, चिखलाचे हात पदराला पुसून, चार बायांच्या देखत. देखत पाजण्यालाच मोल होतं. चिंचकोंडच्या बाया पालीच्या बाजाराला उंबरवाडीच्या शेतांकडेनंच जात आणि परत गेल्यावर महिपताच्या ओटीवर सांगत, “पितो गो अजून. डोळ्यांनी बगितलां.” राहीला साक्षीदार शोधावे लागले नाहीत, ते वाटेनं चालत येत होते.

केरू चारच्या पुढं गेला आणि त्याला लाज कळायला लागली. वाडीतली पोरं त्याला वासरू म्हणत. तो दिसला की हंबरत. मग त्यानं आईशी सौदा मांडला. राही भाजलेल्या काजूच्या बिया पदराच्या शेवाला बांधून ठेवी. “आदी बी,” तो म्हणे. बी फोडून, चावून, गिळून मग घटकाभर तोंड लावी, डोळे घट्ट मिटून, कडू काढा घेतल्यासारखा. त्यात दूध थोडं आणि चावे फार.

राहीच्या गालांची हाडं वर आली होती. केस विंचरायला घेतले की फणीत गुंता निघे. पोटाला नाचणीची भाकर आणि कुळथाचं पिठलं, त्यातून स्वतःचं अंग राखायचं की धार राखायची? तिनं धार राखली. यमुनाबाई म्हणायची, तू म्हातारी व्हशील आनि पोर तुला काठी म्हनून वापरील. राही हसायची, पण हसायलाही दम लागतो.

धाकू माणूस वाईट नव्हता. पण त्याला स्वतःचं पोर हवं होतं, आणि एक अंगावर असलं की दुसरं पोटात राहत नाही, हे यमुनाबाईनंच त्याला सांगून ठेवलं होतं. एकदा जेवायला बसल्यावर तो म्हणाला, “गाय एक, वासरू एक. माजां वासरू कवा?”

“तुमचां व्हईल तवा व्हईल,” राही म्हणाली. “ह्यां गेलां तर परत येनार नाय.”

धाकू भात कालवत राहिला. पुन्हा त्यानं कधी विचारलं नाही, आणि त्याचं ते न विचारणं राहीला विचारण्यापेक्षा जड जाई.

इकडं चिंचकोंडात काशीची कूस उजवली नाही. देव झाले, अंगारे झाले. शिवाच्या वाट्याचं शेत महिपत कसत होता खरा, पण बांध घालताना त्याचं मन लागेना. कोणासाठी घालायचा? घरात एक वारस आणि तो परक्याच्या ओटीवर. तो दोनदा आत्मारामाकडं गेला. आत्माराम म्हणाला, शब्द तो शब्द. दूध तुटलेलं नाही, मी काय करू? शेवटी रत्नागिरीला मीठ आणायला गेला असताना कोणीतरी त्याला सांगितलं की पोरक्या पोराचा पालक नेमायचा सरकारी कायदा आहे, आणि बाईनं दुसरं घर केलं असलं तर चुलत्याला अर्ज करता येतो. महिपतानं अर्ज केला. गावकी आंधळी झाली असली तरी कोर्ट आंधळं नसेल, असं तो वाटेत भेटेल त्याला सांगत आला.

बेलीफ समन्स घेऊन उंबरवाडीला आला तेव्हा सगळी वाडी घाबरली. राही तेवढी घाबरली नाही. तिच्या लेखी कोर्ट म्हणजे मोठी गावकी. तिथं आत्मारामाऐवजी साहेब बसत असेल, घोंगडीऐवजी खुर्ची असेल, पण विचारणार काय? हेच की पोर अंगावर आहे का? आहे. साहेबाला खोटं वाटलं तर साहेबासमोर पाजून दाखवीन, इतपत तिची तयारी होती. म्हणूनच अर्ज लागल्यापासून ती धारेला जास्त जपायला लागली. रत्नागिरीचे वकील दिगंबरपंत यांनी तिचं प्रकरण घेतलं, त्यांनाही तिनं पहिल्याच दिवशी दुधाचं सगळं साग्रसंगीत सांगितलं. ते हूं हूं करत ऐकत होते. लिहून घेतलं ते नावगाव, शेत किती, आणि धाकूच्या घरात माणसं किती एवढंच. त्याचं राहीला थोडं नवल वाटलं, पण शिकलेला माणूस, डोक्यात ठेवत असेल, असं ती समजली.

मग तारखा सुरू झाल्या. कोंबड्याबरोबर निघायचं, पाली मागं टाकायची, हातखंब्याला पाणी प्यायचं आणि ऊन डोक्यावर यायच्या आत रत्नागिरी गाठायची. तिथं कोर्टाच्या आवारात दिवसभर बसायचं आणि पुकारा न होताच नवी तारीख घेऊन निघायचं. कातळ असा तापलेला की वहाणेतूनही चटका बसे. दोन्ही पक्षांना वाट एकच. पहिल्या तारखेला महिपत आणि काशी हाकेच्या अंतरानं पुढं चालले आणि एकदाही मागं वळले नाहीत. दुसऱ्या तारखेला हातखंब्याला दोन्ही घरं एकाच झाडाखाली टेकली, पाठीला पाठ लावून. पुढच्या तारखेला काशीनं भाकरीवर सुक्या जवळ्याची चटणी घालून केरूपुढं धरली, त्यानं ती घेतली, आणि राहीनं अडवलं नाही. भांडायलासुद्धा अंगात जोर लागतो.

त्या दिवशी पुकारा झाला.

राहीला पिंजऱ्यात उभं केलं. जज्जसाहेब देशावरचे, चेहऱ्यानं शांत, सारखे लिहीत होते. महिपताच्या वकिलानं विचारलं, “मुलाचं वय काय?”

“अंगावर हाय, साहेब.”

“वय विचारतोय मी, बाई.”

“पितो अजून. सगळ्या वाडीला ठावां हाय.”

मागं बाकावर कोणीतरी फिसकन हसलं, मग दुसरं. जज्जसाहेबांनी लेखणी थांबवली आणि पोराकडं पाहिलं. केरू धाकूचं धडपं मुठीत धरून उभा होता, गुडघे खरचटलेले, पुढचा एक दात हलणारा. साहेबांनी त्याला सहज, घरच्यासारखं विचारलं, “काय रे, आईचं दूध पितोस अजून?”

केरूनं सगळ्यांची तोंडं पाहिली. हसणारी पाहिली, न हसणारी पाहिली.

“नाय,” तो म्हणाला. “वासरां पितात.”

साक्षीला आणलेला आत्माराम बाकावर बसला होता, त्याच्याकडं महिपतानं असं पाहिलं की बघ, ऐकलंस ना. आत्मारामानं मान खाली घातली. गावकीच्या हिशेबानं खटला तिथंच संपला होता. पोरानं आपल्या तोंडानं दूध तोडलं होतं, तेही चार गावच्या माणसांत. आता साहेबानं काही विचारायचं उरलं नाही, असं राहीला वाटलं, आणि खरं सांगायचं तर त्या वाटण्यात थोडी विश्रांतीही होती. तिचे पाय दुखत होते.

पण साहेबांचं संपलं नव्हतं. त्यांनी धाकूला पुढं बोलावलं. पोराला खायला काय देता, निजतो कुठं, विचारून झालं.

“मारता का त्याला?”

“मारतंय कवातरी. गुरां भातात सोडलान तर मारू नको?”

“त्याला घरात ठेवून घ्यायला तुमची तयारी आहे?”

धाकू गप्प राहिला. त्या गप्प राहण्यात राहीला त्याचं सगळं न विचारलेलं दिसलं. त्यानं नुसतं नाही म्हटलं असतं तरी त्याची चूल मोकळी होत होती. पोर चिंचकोंडाला, बायको त्याच्या एकट्याची, आणि उद्या पाळण्याला दोरी. कोणी त्याला बोलही लावला नसता.

“माजां नाय तां पोर,” तो अखेरीला म्हणाला. “पन माज्या ताटात बसतां. हात धुवून बसतां, सांगावां लागत नाय.”

“म्हणजे तयारी आहे?”

“हाय.”

साहेबांनी लिहून घेतलं. दुपारच्या सुटीनंतर निकाल वाचला. इंग्रजीत वाचला, तेव्हा सगळे एकमेकांच्या तोंडाकडं पाहत राहिले. दिगंबरपंतांनी बाहेर पायऱ्यांवर येऊन तो मराठीत सांगितला. मूल लहान आहे, सावत्र बाप नीट वागवतो, तेव्हा सात वर्षं पुरी होईपर्यंत ते आईजवळ राहील. त्यानंतर चुलता पालक. तोवर शिमग्याला आणि गणपतीला चार-चार दिवस चुलत्याकडं पाठवायचं.

“आनि दूद?” राहीनं विचारलं.

“दुधाचं काय?”

“तो नाय बोल्ला ना आत. मंग कसां काय?”

दिगंबरपंतांनी टोपी काढून कपाळ पुसलं. सकाळपासून उभे राहून त्यांचेही पाय भरले असावेत. “कोर्टात दूध कोण विचारतंय, बाई? वय बघितलं, घर बघितलं, झालं. तुम्ही तीन वर्षांपूर्वी तोडलं असतंत तरी निकाल हाच होता.” एवढं बोलून ते पुढच्या अशिलाकडं वळले.

राही पायरीवर बसली. रडली वगैरे नाही. डोक्यावर भरलेला हारा घेऊन घाट चढावा आणि वर गेल्यावर कळावं की बाजाराचा वार कालच होऊन गेला, तसं तिला झालं. ती नुसती बसून राहिली. धाकूनं तिला लोट्यातलं पाणी दिलं. ते पिऊन ती उठली, कारण दिवस कलत होता आणि वाट लांब होती.

आवाराबाहेरच्या झाडाखाली महिपत आत्मारामाशी हुज्जत घालत होता. पोर सगळ्यांच्या देखत बोललं, मग गावकीच्या शब्दाची किंमत काय राहिली?

“गावकीचा शब्द तूच हितं आनलास,” आत्माराम म्हणाला. “मी सांगत व्हतो तवा थांबला नायस. आता वरच्यानं सांगितलां तां ऐक नि गप चल. माजे गुडगे दुकतायत.”

महिपत जिंकला होता की हरला होता हे त्याचं त्यालाच नीट कळत नव्हतं. सगळे मिळून निघाले. वेगवेगळं चालायचं आता कोणाला सुचलं नाही. पुढं धाकू आणि आत्माराम, मधे महिपत, आणि मागं दोघी जावा. चढ लागला तसा केरू रेंगाळायला लागला. महिपतानं त्याला उचलून खांद्यावर घेतलं. पोरानं त्याच्या डोक्याला दोन्ही हातांनी मिठी मारली आणि वरून वाटेवरच्या बैलगाड्या मोजायला लागलं.

बऱ्याच वेळानं काशी बोलली. “सात म्हंजे कवा गो पुरी हुतील?”

“येत्या गणपतीला नाय. त्याच्या फुडच्याला.”

“म्हंजे दोन गणपती.”

“व्हय.”

आणखी थोडं चालल्यावर काशी म्हणाली, “मी काय त्याला मारनार हाय काय, बाय? पोटच्यासारका ठेवीन.”

“तां माला म्हायत हाय,” राही म्हणाली. “म्हनून तर भ्या वाटतां.”

काशीनं तिच्याकडं पाहिलं आणि पुन्हा वाटेकडं पाहिलं. पोर मारकुट्या घरात गेलं तर रडत परत येईल. जिथं जवळ्याची चटणी आणि खांदा मिळेल तिथून ते कशाला येतंय?

पालीच्या पुढं वाट फुटते. एक चिंचकोंडाला उतरते, दुसरी उंबरवाडीला चढते. तिथं महिपतानं पोराला खाली ठेवलं. केरू झोपेत होता, उभाच डुलत होता. शिमग्याला घेऊन जाईन, दोन दिवस आधी येईन, असं महिपत धाकूला म्हणाला. धाकूनं मान हलवली. काशी पोराच्या डोक्यावरून हात फिरवून, न थांबता, उताराला लागली. राहीनं केरूला कडेवर घेतलं. त्याचे पाय तिच्या गुडघ्यापर्यंत लोंबत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं त्याला हाक मारली नाही. तो उठला, तोंड धुतलं, न्याहरीआधी सवयीनं दोनदा तिच्यासमोरून गेला, थोडा घुटमळला, आणि आई काहीच म्हणत नाही असं पाहून गुरांमागं पळाला. पळताना मोकळ्या मनानं ओरडत होता. राही माजघरात गेली, जुन्या लुगड्याचा फाळका काढला आणि छाती घट्ट बांधून घेतली. उरलंसुरलं असेल ते सुकायला दोन-चार दिवस. ठणका होता, पण तो तसाच सोसायचा असतो. गाठ मारताना तिला एकदा वाटलं की मोकळं होऊन बरं वाटेल. पण तसं काही वाटलं नाही. दोन गणपती म्हणजे किती, एवढंच डोक्यात फिरत राहिलं.

धाकूनं दारातून आत पाहिलं, बांधलेला फाळका पाहिला. मग म्हणाला, “वरच्या रानातला पातेरा राबावर टाकायचा हाय. वारा सुटला म्हंजे सगळा उडून जायाचा.”

“येतंय. फुडं व्हा.”

राहीनं चुलीतला विस्तव राखेनं झाकला, लुगड्याचा काष्टा खोचला आणि हारा उचलून रानात गेली. सागाची नि किंजळीची पानं वाळून कुरकुरीत झाली होती. तिनं काटकीच्या झाडूनं ढीग केला, हाऱ्यात भरला, वर उभी राहून पायांनी दाबला आणि पुन्हा भरला. हात वर करताना छातीत कळ येई, तेव्हा ती थोडं थांबे. पहिला हारा भरल्यावर तिनं डोक्याला चुंबळ लावली.

“जरा हात लावा,” ती धाकूला म्हणाली.

त्यानं हारा उचलून दिला. ती तो डोक्यावर घेऊन शेताकडं उतरली, राबाच्या जागेवर, जिथं पुढं भाताच्या रोपासाठी जमीन भाजायची, पातेरा ओतला, हातानं सारखा पसरला आणि रिकामा हारा काखेला मारून दुसऱ्या खेपेला वर निघाली.